वाईटपणाचा वाटा

नरकचतुर्दशीच्या पहाटे डाव्या पायाच्या अंगठ्याने कारीट चिरडण्याची रीत कोकणात आणि देशावर आहे. त्या कडू फळाला घटकाभर नरकासुर समजायचे, ते फोडायचे आणि असुर मेला म्हणून निर्धास्त मनाने फराळाला बसायचे, असा हा सोपा व्यवहार आहे. आमच्या घरी ही चाल नव्हती; पण नागपूरकराला तिची उणीव भासण्याचे कारण नाही. आमच्याकडे मारबत आहे. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी दोन प्रचंड स्त्रीमूर्ती, एक काळी आणि एक पिवळी, शहरातून मिरवत नेतात. ‘घेऊन जा गे मारबत’ असा गजर करीत लोक रोगराई, महागाई, घरातली इडापीडा असे सारे तिच्या पदरात घालतात आणि अखेर तिला जाळून मोकळ्या मनाने घरी परततात. एकोणिसाव्या शतकाच्या नवव्या दशकापासून हा सोहळा चालत आला आहे.

काळ्या मारबतीला कोणी पूतना म्हणतात. पण लोकांनी तिच्याशी आणखी एक नाव जोडले आहे, ते बांकाबाई भोसले यांचे. या राणीने इंग्रजांशी संगनमत केले, असा त्यामागचा राग. वस्तुतः नागपूरचे राज्य १८५४ साली खालसा केले ते डलहौसीने. त्याच्या धोरणामागे सबंध कंपनी सरकार होते, फौज होती, आणि आपल्याकडच्या पुरुष कारभाऱ्यांचा दुबळेपणाही होता. पण दर वर्षी जळते ती एक बाई.

मला येथे मारबतीची निंदा करावयाची नाही. लहानपणी वडिलांच्या खांद्यावर बसून मीही ती पाहिली आहे आणि घसा बसेपर्यंत ओरडलो आहे. पण वय वाढले तसा एक प्रश्न मला छळू लागला. आपल्या वाट्याचा वाईटपणा असा दुसऱ्याच्या पदरात टाकता येतो काय? आणि जो माणूस तो निमूटपणे वाहून नेतो, त्याचे आपण काही देणे लागतो की नाही?

हा प्रश्न मनात आला की मला हटकून एका नटीची आठवण होते. दुसऱ्यांचा वाईटपणा वाहण्याचेच काम तिने जन्मभर केले. तिचे नाव ललिता पवार.

आमचे बेसा तेव्हा नागपूरच्या दक्षिणेला असलेले एक लहान गाव होते. आज तेथे उंच इमारतींची दाटी झाली आहे आणि स्वामी समर्थांच्या मंदिराकडे जाणाऱ्या रस्त्यावर गाडी उभी करायला जागा मिळत नाही. पण १९८७ साली शेते घरांना लागून होती आणि दूरदर्शनचा संच मोजक्या घरांत होता. त्यांतले एक घर आमचे. रामानंद सागरांचे ‘रामायण’ त्या वर्षीच्या जानेवारीत सुरू झाले आणि रविवारी सकाळी आमच्या ओसरीवर माणसे मावेनाशी झाली. चपला बाहेर काढून, डोक्यावर पदर घेऊन बायका बसत. कोणी संचालाच हळदकुंकू वाहत असे.

मग एका रविवारी मंथरा आली. वाकलेली कंबर, हातात काठी, आणि तो एक बारीक झालेला डावा डोळा! ओसरीवरच्या बायकांनी कडाकडा बोटे मोडली. एका म्हातारीने तर उठून संचाच्या दिशेने हात नाचवले. आम्ही पोरे दात-ओठ खात होतो. तेवढ्यात सर्वांना चहा देत असलेली माझी मोठी आई, म्हणजे वडिलांच्या थोरल्या भावाची बायको, हसून म्हणाली, ‘‘काहून शिव्या देता वं तिले? ते तं आपलं काम करून राहिली बिचारी.’’ कोणी तिकडे लक्ष दिले नाही. मीही दिले नाही. मी तेव्हा नऊ वर्षांचा होतो, आणि नऊ वर्षांच्या मुलाला एखाद्याचा मनसोक्त द्वेष करण्याची संधी इतक्या उघडपणे क्वचितच मिळते.

पुढे पुष्कळ वर्षांनी त्या डोळ्याची कथा कळली.

ललिताबाईंचे माहेरचे नाव अंबा सगुण. त्यांचा जन्म १९१६ साली नाशिक जिल्ह्यातील येवल्याचा. मूकपटांच्या काळात, १९२८ च्या सुमारास, अगदी कोवळ्या वयात त्या पडद्यावर आल्या. पुढे त्या नायिका झाल्या. धाडसी पटांत चमकल्या, बोलपट आल्यावर गायल्याही. १९३२ सालच्या ‘कैलास’ या मूकपटाच्या निर्मितीतही त्यांचा वाटा होता. त्यानंतर त्याच दशकात त्यांनी ‘दुनिया क्या है’ हा बोलपट काढला, तो टॉल्स्टॉयच्या ‘रेझरेक्शन’ या कादंबरीवर आधारलेला होता. ज्या काळी घरंदाज स्त्रीने पडद्यावर दिसणे हेच मोठे धाडस समजले जाई, त्या काळी एका तरुण नटीने टॉल्स्टॉय निवडावा, ही गोष्ट मला लक्षात ठेवण्याजोगी वाटते.

१९४२ साली ‘जंग-ए-आझादी’ या चित्रपटाच्या चित्रीकरणात एक प्रसंग होता. नटाने नटीच्या थोबाडीत मारावयाची होती. नट होते भगवान, पुढे ‘अलबेला’मुळे घरोघर पोचलेले भगवानदादा. थप्पड जोरात बसली. इतकी जोरात, की ललिताबाईंच्या चेहऱ्याला अर्धांगाचा झटका आला आणि डाव्या डोळ्याची शीर फुटली. पुष्कळ उपचार झाले. पण तो डोळा कायमचा बारीक राहिला. वयाच्या सव्विसाव्या वर्षी नायिकेचा चेहरा संपला.

येथे क्षणभर थांबून विचार करण्यासारखे आहे. भगवानदादांच्या मनात काही वाईट नव्हते. त्यांना एक प्रसंग खरा वाटावा एवढेच करावयाचे होते. हेतू निर्मळ होता. परंतु एका माणसाच्या आयुष्याचा रस्ता त्याने बदलला. याउलट ललिताबाईंनी पुढची पन्नासएक वर्षे पडद्यावर विष कालवले, सुनांना छळले, भावाभावांत वैर लावले. या सगळ्या दुष्टपणाने प्रत्यक्षात कोणाच्या केसालाही धक्का लागला नाही. म्हणजे जेथे दुष्टावा नव्हता तेथे दुखापत झाली आणि जेथे दुष्टावा दिसत होता तेथे कोणालाच काही झाले नाही. आणि आपण प्रेक्षक बोटे मोडत होतो ती कोणाच्या नावाने? जिला मार बसला होता तिच्याच! जखमेची खूण आपण पापाची खूण म्हणून वाचली.

नीतिशास्त्राची पुस्तके कृत्याचा न्याय हेतूवरून करावा की परिणामावरून, असा वाद घालतात. सामान्य माणूस दोन्ही बाजूला ठेवतो आणि तोंडावरून न्याय करतो. तोंड पाहून माणूस ओळखतो, असे आपण केवढ्या अभिमानाने सांगतो! त्या तोंडावर काय काय कोसळले असेल, हे विचारण्याची आपल्याला सवड नसते.

ललिताबाई रडत बसल्या नाहीत. जो डोळा अडचण होता, तोच त्यांनी कामाला लावला. १९४४ साली प्रभातच्या ‘रामशास्त्री’त त्या आनंदीबाई झाल्या. १९५० साली शांतारामबापूंच्या ‘दहेज’मध्ये सुनेला गांजणारी सासू झाल्या. त्यानंतर हिंदी-मराठी चित्रपटांत खाष्ट सासू म्हटली की ललिता पवार, असे समीकरणच होऊन बसले.

आता या भूमिकांकडेच जरा बारकाईने पाहू. आनंदीबाई कोण? १७७३ च्या ऑगस्टमध्ये शनिवारवाड्यात कोवळ्या नारायणराव पेशव्यांचा खून झाला. सत्तेची आस राघोबादादांना होती, शस्त्र गारद्यांच्या हाती होते, कट पुरुषांचा होता. पण मराठी मनात त्या खुनाची आठवण उरली आहे ती ‘ध’चा ‘मा’ करणारी बाई म्हणून. कागदावरच्या त्या एका अक्षराला इतिहासाचा भक्कम पुरावा नाही. तरी ते अक्षर जितके घट्ट बसले आहे तितके दुसरे काहीच बसलेले नाही. ‘दहेज’मधील सासू कोण? हुंडा घेण्याची प्रथा तिने निर्माण केली नव्हती. ती स्वतःही कधी काळी तोलूनमापूनच त्या घरात आली असणार. बैठकीत आकडे ठरवणारे पुरुष प्रेक्षकांत बसलेले होते, आणि सासूला नावे ठेवीत ते बायकामुलांसह घरी जात होते. हुंडाबंदीचा कायदा व्हायला १९६१ साल उजाडावे लागले आणि प्रथा त्यानंतरही सरली नाही. मारबत जळाली, पीडा राहिली.

आणि मंथरा? दोन वर देण्याचे वचन दशरथाचे. ते मागणारी कैकेयी. रामाच्या अभिषेकाची वार्ता ऐकून कैकेयीला आधी आनंदच झाला, तिने मंथरेला दागिना देऊ केला, असे वाल्मीकी सांगतात. मंथरेने तिचे मन फिरवले, यात संशय नाही. परंतु राजाचे वचन, राणीचा लोभ आणि दासीचा शब्द या तिहींत सर्वांत अधिक शिव्या दासीच्या वाट्याला आल्या. राजाला आपण शोकाकुल पिता म्हणून क्षमा केली, राणीला पश्चात्ताप झाला म्हणून क्षमा केली. दासीला क्षमा करण्याचे कारण कोणाला सापडले नाही.

पण खुद्द रामायण आपल्यापेक्षा उदार आहे. भरत अयोध्येला परतल्यावर संतापलेला शत्रुघ्न मंथरेला धरून फरफटत नेतो. तेव्हा त्याला अडवतो तो भरत. स्त्रीवर हात टाकू नये, आणि हिला मारल्याचे कळले तर राम आपल्याशी बोलणारही नाही, असे तो बजावतो. ज्याच्यासाठी रागवायचे, त्यालाच हा राग मान्य होणार नाही! मंथरेची बाजू रामाच्या नावाने घेतली गेली आहे, हे आपण बोटे मोडताना सोयीस्करपणे विसरतो.

यावर कोणी म्हणेल, की मग काय, दोष कोणालाच द्यायचा नाही? कान भरणारा निर्दोष, भाऊबंदकी लावणारा निर्दोष? तसे मुळीच नाही. ज्याचा जेवढा वाटा तेवढा त्याच्या पदरी घातलाच पाहिजे. रामशास्त्र्यांची थोरवी ती काय होती? परंपरा सांगते, की त्यांनी देहान्त प्रायश्चित्त सांगितले ते राघोबादादांना, त्यांच्या तोंडावर, सत्ता त्यांच्या हाती असताना. आणि मग त्यांनी पुणे सोडले. एखाद्या दासीवर, कारकुनावर किंवा बायकोवर सारे ढकलून शास्त्रीबुवांना आपली जागा राखता आली असती. ज्याला दोष देणे धोक्याचे, त्याला दोष देणे हा न्याय. ज्याला दोष देणे सोयीचे, त्याच्यावर सगळा दोष घालणे ही मारबत.

दुसरा आक्षेप अधिक अवघड आहे आणि तो मी टाळणार नाही. सासू म्हणजे छळवादी बाई, हे चित्र समाजात रुजवायला या भूमिकांनी हातभार लावला नाही काय? लावला असेल. घरातल्या अन्यायाचे मूळ पुरुषांच्या व्यवहारात असताना तो दोन बायकांमधला तंटा म्हणून रंगवणे हे चित्रपटांचे पाप आहेच. पण कथा लिहिणारे, पैसे घालणारे आणि तिकीट काढणारे आपण सगळे बाजूला राहून त्याचाही दोष पुन्हा त्या एका नटीवर घालायचा असेल, तर जो दोष शोधायला निघालो तोच आपण करीत आहोत.

शिवाय तिने दुसरेही चेहरे दाखवले होते. १९५५ सालच्या ‘श्री ४२०’मध्ये ती केळी विकणारी गंगामाई आहे, फसवल्या गेलेल्यांतली, पण मायेची. १९५९ सालच्या हृषीकेश मुखर्जींच्या ‘अनाडी’त ती मिसेस डि’सा आहे. वरून करवादणारी आणि आतून त्या भोळ्या भाडेकरूवर आईसारखी जीव लावणारी ही म्हातारी ज्याने पाहिली, त्याचे डोळे कोरडे राहिले नसतील. या भूमिकेबद्दल त्यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. त्या चित्रपटातही एक सदोष औषध पिऊन मिसेस डि’सा मरते आणि खुनाचा आळ येतो तो त्या निरपराध पोरावर. औषध बनवणारा धनिक मात्र प्रतिष्ठित असतो. १९७१ सालच्या ‘आनंद’मध्ये ती पुन्हा अशीच एक कडक आणि प्रेमळ मेट्रन आहे. डोळा तोच, बारीक झालेला. पण त्या डोळ्यातून या वेळी आपल्याला माया दिसली. तेव्हा दुष्टपणा डोळ्यात नव्हता, हे उघड आहे. तो आपण आणला होता.

सुमारे सात दशके काम करून ललिताबाई २४ फेब्रुवारी १९९८ रोजी पुण्यात औंध येथे वारल्या. त्या वेळी घरात त्या एकट्याच होत्या.

इथवर लिहून लेखणी खाली ठेवता आली असती. पण मग मीही दुसऱ्यांनाच शहाणपण शिकवले असे होईल.

१९९६ साली आमची बेशाची शेती विकली गेली. शहर वाढत होते, आजूबाजूला लेआउट पडत होते, दलाल रोज ओसरीवर येत होते. आजोबांनी राखलेली ती जमीन गेली, पाठोपाठ घर फुटले आणि तीन भावांच्या तीन चुली झाल्या. हे सारे कोणामुळे झाले, याबद्दल घरात दुमत नव्हते. मोठ्या आईने मोठ्या बाबांचे कान भरले! आत्या म्हणाली, काकू म्हणाली, शेजारीपाजारी म्हणाले. ‘आमच्या घरची मंथरा’ हा शब्द पहिल्यांदा कोणी काढला ते मला आठवत नाही. पण तो चुलतभावंडांच्या घोळक्यात मीही उच्चारला होता, आणि सगळे खो खो हसले होते, हे मात्र पक्के आठवते. मी तेव्हा अठरा वर्षांचा होतो, अगदीच अजाण नव्हतो. त्यानंतर कित्येक दिवाळ्या तिला कोणी फराळाला बोलावले नाही.

वडील गेल्यावर त्यांची पेटी उघडली. तीत विक्रीपत्राची प्रत होती. त्यावर तिघा भावांच्या सह्या होत्या. मोठ्या आईचे नाव त्यात कोठे असण्याचे कारणच नव्हते. सातबाऱ्यावर ते कधी नव्हते. प्रतीच्या घडीत एका पत्राचा कच्चा खर्डा निघाला. वडील त्या काळात नोकरीनिमित्त भंडाऱ्याला होते. तेथून त्यांनी मोठ्या बाबांना लिहिले होते, की शेती ठेवण्यात आता अर्थ नाही, मुलाला इंजिनिअरिंगला घालायचे आहे, भाव आला आहे तोवर विकून मोकळे व्हावे. मोठे बाबा तयार नसावेत, कारण पत्रात आर्जव होते, आणि शेवटी थोडा धाकही होता.

मुलगा म्हणजे मी. त्या शेतीच्या पैशावर माझे शिक्षण झाले.

टॉल्स्टॉयच्या त्या कादंबरीत एक सरदार ज्युरीत बसून न्याय करावयास जातो आणि आरोपीच्या पिंजऱ्यात उभ्या असलेल्या बाईला ओळखतो. तिच्या अधःपाताची सुरुवात त्यानेच केलेली असते. खर्डा हातात घेऊन मी पेटीजवळ बसलो होतो, तेव्हा मला त्या माणसाचे काय झाले असेल ते कळले. वडील वाईट नव्हते. त्यांनी मुलासाठी केले. पण वीस-बावीस वर्षे भावजयीला मंथरा म्हटलेले त्यांनी ऐकले आणि ते गप्प राहिले. मोठ्या बाबांनीही भावाची अब्रू राखण्यासाठी तोंड उघडले नाही. दोन सज्जन पुरुषांच्या मौनाचे ओझे एका बाईने वाहिले, आणि त्या ओझ्यावर टाळी मी वाजवली.

गेल्या पाडव्याला मी तिच्याकडे गेलो. मोठे बाबा आता नाहीत. बेशातच एका इमारतीत दुसऱ्या मजल्यावर ती मुलाजवळ असते. खिडकीतून जे दिसते ते पूर्वी आमचे वावर होते. मी खर्डा दाखवला. तिने चष्मा लावून तो शेवटपर्यंत वाचला आणि घडी घालून माझ्या हातात दिला. ‘‘मले माहीत होतं ना बाप्पा,’’ ती म्हणाली. ‘‘तुह्या मोठ्या बाबानं वाचून दाखवलं होतं तवाच.’’

‘‘मग बोलली का नाहीस कधी?’’

‘‘बोलून कोणाचं भलं झालं असतं? घरात कोणाले तरी नाव ठेवाच लागते. तुह्या बापाले ठेवलं असतं, तं तुले शिकताना वाईट नसतं वाटलं?’’

मी तिच्या पाया पडलो. क्षमा मागितली, पण ती मागताना मला कळत होते, की क्षमा मागून माझा वाटा फिटत नाही. माझे शिक्षण परत देता येत नाही आणि तिच्या त्या दिवाळ्याही परत आणता येत नाहीत. एवढेच करता येण्याजोगे होते, की जे घोळक्यात बोललो ते घोळक्यातच परत घ्यायचे. त्या संध्याकाळी सगळ्या चुलतभावंडांना बोलावून मी ते पत्र मोठ्याने वाचून दाखवले. आत्याला राग आला. मेलेल्या भावाची अब्रू काढली म्हणून ती उठून गेली. तिचेही अगदीच चूक नाही. सत्य सांगताना वडिलांचीच नवी मारबत होऊ नये, याची काळजी मला घेता आली की नाही, हे मी खात्रीने सांगू शकत नाही. म्हणून माझा स्वतःचा वाटा मी सर्वांआधी सांगितला होता.

येत्या दिवाळीत आपण सारे फराळाला एकत्र बसू. बहुतेक घरांत एखादी जागा रिकामी असते, किंवा भरलेली असूनही तिच्याशी कोणी धड बोलत नाही. ‘तिच्यामुळेच सगळे झाले,’ असे त्या माणसाविषयी घरात ठरून गेलेले असते. ते खरेही असेल. पण ताट वाढण्यापूर्वी जुने कागद एकदा उलगडून पाहावेत, आणि त्यांवर सही कोणाची आहे ते वाचावे.

मोठ्या आईने निघताना माझ्या हातावर चकली ठेवली. ती जरा जास्त तळली गेली होती. मी ती सगळी खाल्ली.